भाऊ असाल, तर उठा

वाळत घातलेले कपडे काढायला लुसेआने परसात गेली तेव्हा सूर्य अजून समुद्राच्या चार बोटं वर होता. खांद्यावर दोन चादरी, हातात आईचा चर्चला जायचा पांढरा झगा, दातांत लाकडी चिमटा. आणि तेवढ्यात पोरांच्या खोपटीतून तिला स्वतःचाच आवाज ऐकू आला.

"बायांनो, नवरा म्हणजे केवड्याचं पान. आधी उकळायचा. मग आठवडाभर समुद्रात बुडवून ठेवायचा, वर चांगला जड दगड ठेवून. मग उन्हात टाकायचा. इतकं करूनही मऊ नाही झाला, तर चटईला घेऊ नका, चुलीला घाला!"

चिमटा तिच्या दातांतून गळून पडला.

आवाज म्हातारीचा होता, खरखरीत, दात नसलेल्या तोंडातून हवा निसटावी तसा. पण तो आवाज काढणारं तोंड तिचंच होतं. मंगळवारी दुपारी विणकामाच्या घरात बसून तिनेच तो काढला होता. पाठोपाठ खोपटीत हसण्याचा एकच गलका झाला, आणि त्या गलक्यात एक हसणं असं होतं की ते तिने हजारातून ओळखलं असतं. कुंपणात अडकलेल्या डुकराच्या पिलासारखं, मध्येच श्वास तुटणारं.

"परत लाव, परत लाव! 'उकळायचा'पासून लाव!" फेलेती ओरडत होता.

लुसेआने तशीच मागे फिरली. निम्मे कपडे दोरीवरच राहिले.

"बाकीचे कुठायत?" आईने विचारलं.

"ओले आहेत."

"सकाळपासून? या उन्हात?"

"हो," असं म्हणून ती चुलीपाशी जाऊन बसली आणि चूल पेटलेली नसतानाही फुंकायला लागली.

फेलेती तिचा सख्खा भाऊ, दोन वर्षांनी मोठा. वयात आल्यापासून दोघं एका छपराखाली झोपली नव्हती. परसातली खोपटी त्यासाठीच होती. दोघांनी एका खोलीत बसून कधी सिनेमा पाहिला नव्हता. नवरा-बायकोचा, प्रेमाबिमाचा विषय बहीण-भावांनी एकमेकांसमोर काढायचा नाही, आणि तिसऱ्या कोणी काढलाच तर दोघांतल्या एकाने उठून जायचं, हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं. चालायला शिकतात तसं ते आपोआप आलं होतं. मागच्या वर्षी रेडिओवरच्या एका गाण्यात 'ओठ' हा शब्द आला, तेव्हा फेलेती ताटातला अख्खा मासा सोडून उठला होता. आणि आता तोच फेलेती, बहिणीच्या तोंडून, नवरे उकळायच्या गोष्टी ऐकून लोळत होता. त्याला माहीत नव्हतं एवढंच.

तिने फुंकर मारली. राख उडून तिच्याच डोळ्यांत गेली.

*

हे सगळं सुरू झालं होतं ते अगदी साध्या कारणाने. हाआपाई द्वीपसमूहातल्या त्यांच्या बेटावर विणकामाच्या घरात चार बायका उरल्या होत्या, आणि चौघींचे मिळून गुडघे धड तीन. पोरींना चटया विणायचा कंटाळा. लुसेआने मात्र जायची, कारण तिथे कोणी तिला बोल म्हणत नसे. ती मुळात इतकी अबोल की चर्चमध्ये तिचं 'आमेन' शेजारणीलासुद्धा ऐकू जायचं नाही. शाळेत तोंडी परीक्षेत ती नापास झाली होती. लेखी परीक्षेत पहिली आली होती तरी.

मग पाद्रीकाकांची पुतणी पेआता वावाउ बेटावरून राहायला आली. पेआताचं तोंड झोपेतही बंद नसायचं. ऑकलंडमधल्या एका मावसबहिणीला लग्नाच्या चटईची किनार कशी वळवायची ते हवं होतं, म्हणून पेआताने आपल्या फोनवर लुसेआनेचे हात टिपले. "बोल ना काहीतरी, नुसते हात काय दाखवतेस? खेकड्यासारखे दिसतायत," ती म्हणाली. लुसेआनेच्या घशातून आवाज निघेना. शेवटी लाज झाकायला तिने तिच्या आत्याचा आवाज काढला. ओफेइना आत्या विणताना जसं बोलायची तसं: खरखरीत, अघळपघळ, प्रत्येक दोऱ्यामागे कोणाची तरी खोडी काढत.

पेआताने ते मावसबहिणीला पाठवलंच, आणि वर 'कालो म्हातारी' असं नाव देऊन सगळ्यांसाठीही टाकून दिलं. तिला विचारायचं सुचलं नाही. सुचलं असतं तरी तिने विचारलं नसतं.

आठ महिन्यांत चाळीस हजार माणसं कालो म्हातारीच्या मागे लागली. त्यांतली निम्मी ऑकलंड नि सिडनीतली, घरची आठवण काढत बसलेली. पण नवल ते नव्हतं. नवल हे की गावातल्या पोरी विणकामाच्या घराच्या पायऱ्या चढायला लागल्या. आधी दोघी आल्या, नुसतं हसायला. मग पाच. आता अकरा जणी रोज दुपारी मांडी घालून बसत, केवड्याच्या पट्ट्या बोटांवर गुंडाळत, आणि 'म्हातारी आज काय बोलणार' म्हणून लुसेआनेच्या तोंडाकडे बघत. गुपित त्या अकरा जणींत आणि चार म्हाताऱ्यांत होतं. ते आठ महिने टिकलं होतं, हे त्या गावाच्या इतिहासात पहिल्यांदाच घडलं असावं.

आणि लुसेआनेला, आयुष्यात पहिल्यांदा, दुपार व्हायची वाट बघावीशी वाटायला लागली होती.

*

"तुझ्या भावाने ऐकलं?" पेआताने डोळे मोठे केले. "कुठला भाग?"

"नवरा उकळायचा."

पेआताने तोंडावर हात दाबला, पण हसू बोटांच्या फटीतून बाहेर आलंच.

"हसू नकोस गं. मला रात्रभर झोप नाही. मी आज सगळं पुसून टाकणार आहे."

"थांब, थांब. ऐकतो म्हणजे कधीपासून ऐकतो?" पेआताने फोन काढला आणि खाली आलेल्या कमेंट चाळायला लागली. "त्याचं खऱ्या नावाने काहीच नाहीये. मासेमारीचं काहीतरी घेतलं असेल... हा बघ. हा 'दोन गळ' कोण?"

'दोन गळ' लुसेआनेला चांगला ठाऊक होता. तीन महिने झाले, दर व्हिडिओखाली हा माणूस काहीतरी लिहायचा. भला माणूस वाटायचा. 'आजी, तुझ्या पायाशी बसावंसं वाटतं.' 'आजी, काल जाळं फाटलं, पण तुझं ऐकून हसू आलं.' आणि एकदा त्याने विचारलं होतं: 'आजी, जिच्या हातचा कावा पितो ती वाटी देताना सगळ्यांकडे बघते, माझ्याकडेच बघत नाही. काय समजायचं?'

आणि कालो म्हातारीने, म्हणजे लुसेआनेने, दुसऱ्याच दिवशी विणता विणता त्याला झाडलं होतं: "अरे भित्र्या, ती बघत नाही तर तू कुठे बसलास ते टाळायला तिला कळतं कसं? तिच्याकडे जाऊ नको. तिच्या घरातल्या मोठ्या बाईकडे जा. हातात मासा घेऊन जा. आणि तोंड उघडू नको! तुम्ही पुरुष मासा चांगला आणता, आणि बोलून वाया घालवता."

दोघींनी एकमेकींकडे पाहिलं.

कावा म्हणजे मुळ्या कुटून केलेलं पेय, आणि गावातल्या कावाच्या घरात जमलेल्या पुरुषांना ते वाटायला कायम पेआताच बसायची. दुसरी कोण बसणार? बैठकीत पुरुषांची थट्टामस्करी चालायची, आणि गावातली प्रत्येक मुलगी तिथल्या कोणा ना कोणाची बहीण, नाहीतर चुलत-मावस-आते-मामे बहीण, म्हणजे बहीणच. पेआता तेवढी परकी.

"म्हणून!" पेआता किंचाळली. "म्हणून तो तीन शनिवार येतोय! पायरीवर मासा ठेवतो, मान हलवतो, आणि मुक्यासारखा निघून जातो! काकूला वाटतंय पोराच्या घशाला काहीतरी झालंय. तिने त्याच्यासाठी प्रार्थना सुद्धा केली!"

"पेआता..."

"आणि तो सल्ला तू दिलास? तू? माझ्या जिवावर?"

"मला काय माहीत तो कोण नि ती कोण!"

"मोठा मासा होता गं पहिल्या वेळी," पेआता एकदम मऊ आवाजात म्हणाली. तिच्या गालांवर रंग चढला होता, आणि ती चक्क दोन क्षण गप्प बसली.

लुसेआनेला मात्र रडू येत होतं. भावाने बहिणीचं बोलणं ऐकलं, एवढंच नव्हतं. भावाने बहिणीला आपल्या मनातली मुलगी सांगितली, आणि बहिणीने त्याला वाट दाखवली. याहून वाईट काय असतं ते तिला सुचेना. ज्या दिवशी हे त्याला कळेल त्या दिवशी तो बोट घेऊन निघून जाईल, आणि दुसऱ्या बेटावर राहील, असं तिला वाटलं.

"कळेल कशाला?" पेआता म्हणाली.

उत्तर फोनमध्येच होतं. त्याच सकाळी 'दोन गळ'ने लिहिलं होतं: 'आजी, तू आमच्याच गावची आहेस! कालच्या व्हिडिओत मागे टोले ऐकू आले. असा फुटका आवाज फक्त आमच्या चर्चमध्ये घंटा म्हणून टांगलेल्या गॅसच्या टाकीचा. शनिवारी कावाच्या घरात सगळ्यांसमोर तुझा मान करणार. नाव सांग, नाहीतर मी शोधून काढतो.'

आज गुरुवार होता.

*

बापाची थोरली बहीण म्हणजे घरातला शेवटचा शब्द. लुसेआनेचा बाप ऑस्ट्रेलियात फळं तोडायला गेला होता. पण तो इथे असता तरी मान खाली घालून ओफेइनालाच विचारायला गेला असता.

ओफेइना आत्या दारात पाय पसरून बसली होती आणि सुरीच्या पाठीने केवड्याची पट्टी खरवडून मऊ करत होती. ती देहाने एवढी की तिच्या मागे दार आहे हे माहीत असावं लागे.

"काय गं, दोघी चोरासारख्या उभ्या का? कोणाचं डुक्कर मारलंत?"

लुसेआनेने सांगितलं. तिच्याकडून जेवढं सुटलं तेवढं पेआताने भरलं; नको होतं तेही भरलं. आत्याची सुरी हळूहळू थांबली.

"हसला का?" तिने विचारलं.

"कोण?"

"फेलेती. 'चुलीला घाला'वर हसला का?"

"हो आत्या. परत लावायला सांगितलं."

आत्याच्या ओठांचा कोपरा जरा वर गेला. ती थट्टा मुळात तिची होती. तिच्या नवऱ्यावरून, देव त्याला शांती देवो. मग तिने ओठ ओढून जागेवर आणले.

"पोरींनो, हे हसण्यावारी न्यायचं नाही. बहिणीचा मान वरचा आणि भावाचा खालचा, पण लाज दोघांची सारखी. एकाची गेली की दुसऱ्याची उरत नाही."

"म्हणूनच मी बंद करते, आत्या. आजच." लुसेआनेचा आवाज इतका बारीक झाला की पेआताला पुढे वाकावं लागलं. "सगळं पुसते. कालो म्हातारी मेली म्हणून सांगते."

"मी बंद कर म्हणाले?"

"नाही, पण..."

"मग मला न विचारता म्हातारीला मारतेस? माझाच आवाज घेतलास नि मलाच पुरतेस?" आत्याने सुरी बाजूला ठेवली. "अकरा पोरी येतात तिथे. चाळीस वर्षांत अकरा पोरी एका वेळी मी त्या घरात पाहिल्या नाहीत. आणि तू! तू जन्मलीस तेव्हा रडलीससुद्धा नाहीस; सुईणीने दोनदा चापटी मारली. आता बोलायला लागलीस, तर म्हणे बंद करते."

लुसेआने खाली बघत राहिली. तिच्या डोळ्यांतून एक थेंब चटईवर पडला, आणि चटई नवी होती म्हणून तिने तो घाईघाईने पुसला.

"पेआता," आत्या म्हणाली, "कावा वाटायला तुलाच का बोलावतात गं?"

"कारण मी कोणाची बहीण नाही."

"आणि तुझ्याऐवजी ही बसली तर?"

"तर हिचे भाऊ उठून जातील."

"उठून जातील. म्हणजे कावा सांडतात का? घराला कुलूप घालतात का?"

"नाही. जो भाऊ असेल तो उठतो, बाकीचे बसतात."

"मग!" आत्याने मांडीवर थाप मारली. "तुमचा फोन म्हणजे दार नसलेलं घर झालंय. कोणीही शिरतो, कुठेही बसतो. घर पाडायला कशाला पाहिजे? दार लावा की त्याला."

*

शनिवारी संध्याकाळी लुसेआने आत्याच्या स्वयंपाकघरात रविवारच्या, जमिनीत खणलेल्या भट्टीसाठी अरवीचे कंद सोलत बसली होती. रस्त्याच्या पलीकडेच कावाचं घर. त्याच्या भिंती म्हणजे नारळाच्या झावळ्यांची जाळी. आतलं अर्धं दिसायचं, सगळं ऐकू यायचं. पंधरा पुरुष मांडी घालून गोल बसले होते. मध्ये लाकडी परात, परातीपाशी पेआता, केसांत फूल. आणि तिच्या अगदी समोर, तेल लावून भांग पाडलेला फेलेती. शेजारी त्याने एक भला मोठा मासा पानांत बांधून ठेवला होता. म्हातारीचा मान करायला.

"सोल नीट," तिची आई म्हणाली. "अर्धा कंद सालीबरोबर चाललाय."

आई अजून काही जाणत नव्हती. किंवा जाणत होती आणि दाखवत नव्हती. आईचं काही सांगता येत नाही.

मग ओफेइना आत्या रस्ता ओलांडून गेली. कमरेला चांगली चटई गुंडाळून, सणाला जावी तशी. ती दारात उभी राहताच आतलं बोलणं थांबलं. पंधराच्या पंधरा पाठी ताठ झाल्या.

"आत्या, तू?" फेलेतीचा आवाज. "आत्या, तूच आहेस का? तूच कालो म्हातारी? मला वाटलंच होतं! आवाज तसाच..."

"गप बस. मी असते तर मला मासा आणायला तीन महिने लावले असतेस? म्हातारीचं नाव सांगायला आलेय मी. पण आधी घर स्वच्छ करायचंय." ती जरा थांबली. "म्हातारीचे जे भाऊ असतील त्यांनी उठून बाहेर जावं."

आत कुजबुज झाली.

"म्हातारीचे भाऊ? ते तर मेले असतील," कोणीतरी म्हणालं.

"कोणाची बहीण आहे ते सांग, आत्या, मग उठतो."

"ते सांगितलं तर नावच सांगितलं की रे, शहाण्या. मी सांगते तसं उठायचं." आणि मग आत्याचा आवाज खाली आला, इतका खाली की लुसेआनेच्या हातातली सुरी थांबली. "फेलेती. तू पहिला, बाळा."

दूर कुठेतरी एक बोट किनाऱ्याला लागत होती, तिचं इंजिन बंद झालं.

झावळ्यांच्या फटीतून लुसेआनेला त्याची पाठ दिसत होती. आधी ती हलली नाही. मग मानेपासून कानांपर्यंत रंग चढत गेला. त्याने हातातली वाटी खाली ठेवली, अगदी हळू, जणू ती काचेची होती. उठला. कोणाकडे न बघता बाहेर आला.

"तू, मोसेसे," आत आत्या पुढे मोजत होती. "तू. तू पण. अरे, तू तर सख्ख्या मावशीचा, बसलास काय? उठ."

चुलतभाऊ, मावसभाऊ, आतेभाऊ, एकामागून एक पुरुष दारातून बाहेर पडायला लागले. आग लागल्यासारखे, पण शिस्तीत. प्रत्येकाच्या तोंडावर आधी गोंधळ, मग हिशेब, आणि मग बाहेरच्या उजेडात येईपर्यंत कान लाल. बारा जण बाहेर आले. आत उरले तीन: शाळेचे परक्या बेटावरचे मास्तर, पाद्रीकाका, आणि एक नव्वदीचे आजोबा, जे सगळ्यांचेच कोणी ना कोणी लागत होते, पण झोपले होते.

"मास्तर," पेआताचा आवाज आला, "आता एवढा कावा तुम्हीच संपवा."

बाहेर रस्त्यावर फेलेती उभा होता. त्याने समोर पाहिलं. स्वयंपाकघराच्या उघड्या बाजूतून लुसेआने दिसत होती, मांडीत कंद, हातात सुरी. एक क्षण, अर्धा क्षण, दोघांची नजर भिडली. मग त्याने पाठ फिरवली आणि किनाऱ्याकडे चालायला लागला. बाकीचे अकरा तिथेच घुटमळले. आपण कुठे बघायचं हे न कळून सगळे मिळून एका फणसाच्या झाडाकडे बघत होते.

"तो काही म्हणाला का?" रात्री पेआता आली तेव्हा लुसेआनेने विचारलं.

"नाही. मासा तिथेच राहिला. मी काकूला नेऊन दिला."

"त्याने नुसतं नाही म्हटलं ना, पेआता, एकदा जरी मान हलवली ना, तरी मी पुसणार. मग आत्या काहीही म्हणो."

"माहितीये," पेआता म्हणाली.

*

रविवार लांबला. चर्चमध्ये फेलेती पुरुषांच्या बाजूला मागच्या बाकावर बसला. दुपारी भट्टीतलं जेवण त्याने खोपटीत मागवलं, आणि ताट स्वच्छ करून परत पाठवलं. जेवला, एवढं बरं. आई ताट विसळताना म्हणाली, "पोराला खूप भूक लागली होती," आणि लुसेआनेकडे न बघता तिच्या डोक्यावरून ओला हात फिरवला.

सोमवारी सकाळी पेआता धापा टाकत आली. केस ओले, पायात एकच चप्पल.

"वाच! त्याने लिहिलंय. रात्री. वाच ना!"

कालो म्हातारीच्या शेवटच्या व्हिडिओखाली 'दोन गळ'ने लिहिलं होतं: 'ही म्हातारी माझ्या नात्यातली आहे, म्हणून मी आजपासून हे बघणार नाही. गावातल्या माझ्या सगळ्या भावांनीही बघू नये; बघताना सापडला तर माझ्याशी गाठ आहे. पण बाकीच्यांनी बघावं. आणि नीट बघावं. असे हात सगळ्या बेटांत नाहीत.'

लुसेआनेने ते तीनदा वाचलं. त्याने तिचे हात तीन महिने पाहिले होते, ओळखले नव्हते, आणि आता कधी पाहणार नव्हता. तिला हसू यावं की रडू, तेच ठरेना. दोन्ही आलं.

त्या दुपारी अकराच्या अकरा जणी वेळेआधीच हजर होत्या. ओफेइना आत्याने मध्ये बैठक मारली होती. पेआताने फोन नारळाच्या करवंटीत उभा केला.

"आज म्हातारीचा आवाज नको," लुसेआने म्हणाली. सगळ्या तिच्याकडे बघायला लागल्या. तिने घसा साफ केला. "आज मीच बोलते. दार लावायचंय ना, मग ते स्वतःच्या हातानेच लावते."

पेआताने बोट दाबलं. लुसेआनेने फोनकडे पाहिलं, पहिल्यांदाच हातांबरोबर तोंडही दिसत होतं, आणि ती आपल्या खऱ्या, बारीक पण सरळ आवाजात म्हणाली:

"मी लुसेआने. तुम्ही माझे भाऊ असाल, तर उठा. ऑकलंडमध्ये असा, सिडनीत असा, सोफ्यावर असा नाहीतर बोटीत असा, उठा आणि बाहेर जा. आम्ही थांबतो."

आणि त्या खरंच थांबल्या. सगळ्या बाया तोंड दाबून वीस मोजेपर्यंत फोनकडे बघत बसल्या. पुढे महिनाभर त्या वीस आकड्यांचीच सगळीकडे चर्चा होती. ऑकलंडमध्ये एका घरात जेवताना पाच जण उठून अंगणात गेले, नि त्यांच्या बायका एकट्या बसून पोट धरून हसल्या, असं कोणीतरी कळवलं. दुसऱ्या बेटांवरच्या पोरींनीही आपल्या व्हिडिओंना तसंच दार लावलं. पण ते पुढचं.

त्या दुपारी, अठरा-एकोणीसपर्यंत आकडे आले असतील, तेवढ्यात बाहेरून मोठ्याने खोकण्याचा आवाज आला. भाऊ येतोय हे सांगणारा खोकला.

पायरीवर धप्पकन काहीतरी पडलं. समुद्रात भिजत घातलेल्या केवड्याच्या पानांचे भारे, ओलेचिंब, एकावर एक चार. ते कमरेएवढ्या पाण्यातून ओढून आणणं बायकांचं काम, आणि वर्षानुवर्षं बायकाच ते करत. फेलेती पायरीखाली उभा होता, गुडघ्यापर्यंत ओला, पाठ घराकडे.

"पेआता," तो रस्त्याशी बोलल्यासारखा बोलला, "आत ज्यांचं काम चाललंय त्यांना सांग, थांबू नका म्हणावं. मी समोरच्या झाडाखाली बसतोय. कोणी भाऊ इकडे वळला तर त्याला मी बघतो."

"सांगते," पेआता म्हणाली. मग तिने दारातून मान बाहेर काढली. "आणि फेलेती, तुला बोलता येतं की! काकूला सांगायला पाहिजे. तिची प्रार्थना फळली."

फेलेतीचे कान पेटले. पण तो पळाला नाही. रस्ता ओलांडून झाडाखाली, घराकडे पाठ करून, पाय रोवून बसला. थोड्याच वेळात मोसेसे रमतगमत येताना दिसला. फेलेतीने नुसता हात आडवा केला. "मागे फिर. इथे बहिणी बोलतायत." मोसेसे मागे फिरला.

आत ओफेइना आत्याने पट्टी ओढून घट्ट केली. "हं, पोरी. केवडा झाला. आता नारळाकडे वळ. नवरा म्हणजे नारळ कसा, ते सांग यांना."

लुसेआनेने सांगायला सुरुवात केली. पहिल्याच वाक्याला आत असा हशा उसळला की छपरावरचे पक्षी उडाले. आणि त्याच क्षणी झाडाखालून गाणं सुरू झालं. फेलेती कानात बोटं घालून, घशाच्या शिरा ताणून, चर्चमधलं भजन म्हणत होता, म्हणजे एक शब्दही कानावर पडायला नको. आत जेवढं हसणं वाढे, तेवढा त्याचा आवाज चढे.

"व्हिडिओत येतंय ते," लुसेआने म्हणाली. "थांबवू का?"

"राहू दे," आत्या म्हणाली.

पेआता मान वाकडी करून ऐकत होती. गावाच्या अर्ध्या भागाने ते ऐकलं असेल.

"देवा," ती म्हणाली, "किती बेसूर आहे गं हा."

"लग्नाआधी कळलं ते बरं झालं," लुसेआने म्हणाली. आपल्या स्वतःच्या आवाजात, मोठ्याने.